एकच गाणं, दोन डिस्क आणि टॉम विल्सन: सायमन अँड गारफंकलच्या पाच अल्बमच्या संचाबद्दल

सायमन अँड गारफंकल या साठच्या दशकातल्या अमेरिकन गायक जोडीचा 'द कोलंबिया स्टुडिओ रेकॉर्डिंग्ज १९६४–१९७०' हा संच २००१ मधे आला. त्यांचे पाचही स्टुडिओ अल्बम एका बॉक्समधे, आवाज नव्याने साफ केलेला, आणि शेवटी काही न छापलेले डेमो आणि टेक (एका दमात केलेली रेकॉर्डिंग्ज) जोडलेले. आता हे अल्बम सुटेही मिळतात, स्ट्रीमिंगवर तर एका बोटावर आहेत, मग अख्खा बॉक्स कशाला घ्यायचा असं कुणी विचारलं तर माझं उत्तर ठरलेलं आहे, पहिली डिस्क आणि दुसरी डिस्क शेजारी शेजारी ठेवून ऐकायला. बाकीचे तीन अल्बम थोर आहेतच, त्यांच्याबद्दल जगाने भरपूर लिहिलंय, पण या पहिल्या दोन डिस्कमधे जे सापडतं ते दुसरीकडे इतकं उघड सापडत नाही.

पहिल्या डिस्कवर सहावा ट्रॅक लावा, 'द साउंड ऑफ सायलेन्स'. दोन आवाज, अकूस्टिक गिटार, खाली डबल बास, बस्स. तो संपला की लगेच दुसऱ्या डिस्कचा पहिला ट्रॅक लावा. तेच गाणं, आणि आता त्यात इलेक्ट्रिक गिटार आहे, बेस आहे, ड्रम्स आहेत, भरपूर एको आहे. पहिल्यांदा ऐकणाऱ्या कुणालाही वाटेल की या दोघांनी दीड-दोन वर्षांनी बँड घेऊन गाणं परत गायलं असणार. पण नाही! आवाज तेच आहेत, म्हणजे अगदी तोच टेक, १० मार्च १९६४ ला न्यूयॉर्कमधे कोलंबिया या रेकॉर्ड कंपनीच्या स्टुडिओत गायलेला, त्याला कुणी हात लावलेला नाही. सायमन आणि गारफंकलने एक ओळसुद्धा नव्याने गायलेली नाही, किंबहुना जुन्या टेपवर बँड चढवायचं हे काम चालू होतं तेव्हा त्यांना त्याचा पत्ताही नव्हता.

हे कळल्यावर मी ते दोन ट्रॅक ज्या पद्धतीने ऐकायला लागलो ती पद्धतच बदलली. कारण आता फरक फक्त भोवतालचा उरतो. गाणारा तोच, श्वास तोच, शब्द उच्चारायची ढब तीच, आणि तरी एका ठिकाणी दोन पोरं खोलीत बसून हळू आवाजात काहीतरी कबूल करतायत असं वाटतं आणि दुसऱ्या ठिकाणी तीच पोरं रस्त्यावरच्या गर्दीला सावध करतायत. प्रोड्युसर नक्की काय करतो हा प्रश्न ज्यांना पडतो त्यांनी पुस्तकं वाचायच्या आधी हे दोन ट्रॅक ऐकावेत असं माझं स्पष्ट मत आहे.

थोडं मागे जायला हवं. पॉल सायमन आणि आर्ट गारफंकल न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागातले शाळासोबती, १९५७ मधे 'टॉम अँड जेरी' या नावाने त्यांचं 'हे, स्कूलगर्ल' नावाचं गाणं चार्टमधे ४९ पर्यंत गेलं होतं, नंतर काहीच घडलं नाही आणि दोघं आपापल्या कॉलेजच्या वाटेने गेले. सायमन गाणी लिहित राहिला. घरातल्या बाथरूममधे दिवे बंद करून, टाइल्सच्या भिंतींवर आवाज घुमतो म्हणून तिथे गिटार घेऊन बसायची त्याला सवय होती, आणि हे गाणं त्याच अंधारात सुरू झालं, पुरं व्हायला काही महिने गेले, १९६४ च्या सुरुवातीला संपलं. वय होतं बावीस. ते घेऊन तो कोलंबियाचा प्रोड्युसर टॉम विल्सनकडे गेला. विल्सनला गाणं आवडलं पण त्याच्या डोक्यात ते दुसऱ्याच एका ग्रुपला द्यायचं होतं, तेव्हा सायमन म्हणाला की मला माझ्या मित्राबरोबर गाऊन दाखवू द्या. दाखवलं, आणि करार झाला.

पहिल्या अल्बमचं नाव 'वेन्सडे मॉर्निंग, ३ ए.एम.'. त्यात बॅरी कॉर्नफेल्डची जोडीची गिटार आणि बिल ली चा डबल बास आहे, हा बिल ली म्हणजे पुढे दिग्दर्शक म्हणून गाजलेल्या स्पाइक ली चे वडील. अल्बम म्हणून खरं सांगायचं तर डिस्क एक विस्कळीत आहे. एक गॉस्पेल गाणं, मग युद्धाविरुद्धचं एक गाणं, मग सोळाव्या शतकातल्या ओर्लांदो दी लास्सोच्या रचनेवरून केलेलं लॅटिनमधलं 'बेनेडिक्टस', मग बॉब डिलनचं एक गाणं... प्रत्येक सुटा तुकडा बरा आहे, दोघांचे आवाज एकमेकांत मिसळतात ते तर ऐकतच राहावं असं, पण हे दोघं नक्की कोण आहेत ते अल्बमला अजून ठरवता आलेलं नाही. आणि मधेच सहाव्या ट्रॅकवर हे गाणं येतं आणि एकदम कळतं की इथे कुणीतरी वेगळं बसलंय. कव्हरवर दोघं भुयारी रेल्वेच्या स्टेशनात उभे आहेत, त्या फोटोसेशनमधले कित्येक फोटो टाकून द्यावे लागले कारण मागच्या भिंतीवर शिवी लिहिलेली होती, आणि सायमनने त्यावरूनच पुढे एक गाणं केलं जे या संचात तिसऱ्या डिस्कवर आहे.

अल्बम १९ ऑक्टोबर १९६४ ला बाजारात आला आणि पडला. सपशेल. विक्रीचा जो आकडा सगळीकडे सांगितला जातो तो साधारण ३,००० चा आहे. वर्षही तसलंच, फेब्रुवारीत बीटल्स अमेरिकेत उतरले होते आणि त्यानंतर रेडिओवर दुसऱ्या कुणाला, त्यातून दोन शांत पोरांना, जागा मिळणं कठीणच. जोडी मोडल्यातच जमा झाली. गारफंकल परत शिक्षणाकडे वळला, सायमन इंग्लंडला गेला आणि तिथल्या फोक, म्हणजे लोकसंगीताच्या, क्लबांतून एकटा गाऊ लागला. १९६५ मधे लंडनमधे त्याने 'द पॉल सायमन साँगबुक' नावाचा अल्बम केला, फक्त तो आणि गिटार, आणि त्यातही हे गाणं आहे. ते रेकॉर्डिंग मला फार महत्त्वाचं वाटतं. त्यात गारफंकलचा वरचा आवाज नसल्याने सगळी मऊ साय निघून गेलीये, पायाचा ठेका ऐकू येतो, गिटार जोरात वाजते, आणि सायमन जवळजवळ चिडून गातो. म्हणजे गाण्यात राग पहिल्यापासून होता, १९६४ च्या टेकमधे तो झाकलेला होता एवढंच.

तिकडे अमेरिकेत कुणी न ढकलता गाणं स्वतःहून चालायला लागलं. बॉस्टनमधे रात्री उशिराच्या रेडिओवर ते वाजायचं आणि कॉलेजची पोरं फोन करून परत मागायची, मग सुट्टीत हीच पोरं फ्लोरिडाच्या कोको बीचवर गेली आणि तिकडेही मागणी सुरू झाली. ही बातमी कोलंबियात पोचली आणि तिथून टॉम विल्सनपर्यंत आली.

विल्सनबद्दल जरा नीट लिहायचंय कारण या सगळ्यात सर्वात कमी नाव त्याचं घेतलं जातं. १९३१ चा जन्म, टेक्सासमधल्या वेकोचा, कृष्णवर्णीय, हार्वर्डमधे शिकलेला. पंचविशीच्या आसपास त्याने स्वतःचं लेबल काढून सन रा आणि सेसिल टेलर यांच्यासारख्या कुणाच्या चौकटीत न बसणाऱ्या जॅझवाल्यांना रेकॉर्ड केलं होतं. कोलंबियात आल्यावर डिलनचे अल्बम त्याच्याकडे आले. फोक संगीताची त्याला सुरुवातीला फारशी आवड नव्हती, आणि मला वाटतं नेमकं तेच कामी आलं, कारण सोवळं पाळायची गरजच नव्हती. डिसेंबर १९६४ मधेच त्याने डिलनच्या एका जुन्या अकूस्टिक रेकॉर्डिंगवर इलेक्ट्रिक बँड चढवून बघितला होता, 'हाउस ऑफ द रायझिंग सन' वर, ज्याचं ॲनिमल्स या बँडने त्याच वर्षी रॉक करून दाखवलं होतं. ते तेव्हा छापलं गेलं नाही. पण कल्पना डोक्यात होती, हात चालवून बघितलेला होता, म्हणून 'साउंड ऑफ सायलेन्स' वर त्याला अचानक सुचलं आणि लागलं असं जे सांगतात ते मला पटत नाही. १९६५ च्या एप्रिलमधे त्याने सायमन आणि गारफंकललाही बोलावून बँडबरोबर दोन गाणी करून घेतली होती, त्यातलं एक नंतर याच गाण्याच्या सिंगल रेकॉर्डच्या मागच्या बाजूला गेलं. म्हणजे माणूस त्या दिशेने पद्धतशीर चालत होता.

आणि मग जून १९६५. बर्ड्स या बँडचं 'मिस्टर टँबुरीन मॅन' त्याच महिन्यात पहिल्या नंबरवर, फोकच्या चालीवर झणझणणारी बारा तारांची इलेक्ट्रिक गिटार, सगळा देश तेच ऐकत होता. विल्सन डिलनबरोबर 'लाइक अ रोलिंग स्टोन' करत होता आणि त्याच सुमाराला (बहुतेक ठिकाणी १५ जून हीच तारीख दिलेली असते) त्याने जुनी टेप काढली, अल गोर्गोनी आणि व्हिनी बेल गिटारवर, बॉबी ग्रेग ड्रम्सवर, एक बेसवाला, आणि त्यांना वाजत्या टेपवर वाजवायला लावलं. 'लाइक अ रोलिंग स्टोन' च्या सुरुवातीला तो जो एक फाडकन ड्रमचा फटका आहे ना, तोही याच बॉबी ग्रेगचा.

आता इथे हेडफोन लावा. मोबाइलच्या स्पीकरवर हे कळणार नाही.

पहिलं कडवं जवळजवळ जुन्यासारखंच आहे, तीच बोटांनी छेडलेली गिटार, मागे इलेक्ट्रिकची हलकी किणकिण. ड्रम्स आणि बेस येतात दुसऱ्या कडव्याला. ही थांबायची अक्कल मला विल्सनची सगळ्यात मोठी वाटते, दुसऱ्या कुणीही पहिल्या सेकंदापासून बँड घातला असता. ऐकणाऱ्याला आधी अंधाराची सवय होऊ दिलीये आणि मग पायाखालची जमीन हलवलीये. पुढे प्रत्येक कडव्याला ढोल थोडा जड होत जातो, एको वाढल्यासारखा वाटतो (रॉय हॅली या इंजिनियरने नवीन मिक्समधे एको सढळ हाताने वापरला), आणि आवाज तेच असूनही मोठे झाल्यासारखे वाटतात.

पण खरी मजा ठेक्यात आहे. १९६४ मधे सायमन आणि गारफंकल गायले तेव्हा समोर ड्रमर नव्हता, कानात टिकटिक नव्हती, दोघं एकमेकांच्या तोंडाकडे बघून गात होते, त्यामुळे कुठे ओळ ताणली, कुठे श्वासासाठी थांबले, लय मागेपुढे होत राहिली, आणि तसं गाणं त्यांना शोभतही होतं. आता या आवाजांवर ड्रम्स वाजवायचे म्हणजे ड्रमरला त्यांच्या मागे धावावं लागणार, आवाज काही त्याच्यासाठी थांबणार नाहीत! शेवटच्या कडव्याच्या तोंडाशी लक्ष देऊन ऐका. बँड चक्क रेंगाळतो. गिटार-बेस-ड्रम्स आपल्या वेगात पुढे निघालेले असतात आणि आवाज अजून पोचलेले नसतात, म्हणून सगळे मिळून पाय ओढतात, आवाज आले की परत वेग धरतात. आजच्या सॉफ्टवेअरवर ही जागा दोन मिनिटांत सरळ करता येते. १९६५ मधे टेपवर तसं करता येत नव्हतं आणि मला तर वाटतं झालं ते चांगलंच झालं, कारण शेवटच्या कडव्याआधी गाणं क्षणभर अडखळतं आणि त्या अडखळण्यामुळेच पुढच्या ओळी जास्त भिडतात. अपघात आहे, पण गाण्याच्या मनासारखा अपघात आहे.

सिंगल सप्टेंबर १९६५ मधे बाहेर आलं. सायमनला सांगितलं नव्हतं. लंडनमधे त्याच्याबरोबर एकाच घरात राहणारा गायक अल स्ट्युअर्ट याने सांगितलंय की नवीन रेकॉर्ड पहिल्यांदा ऐकून सायमन हादरला होता, आणि त्याची बाजू मला कळते. ज्याने शब्द लिहिले, चाल लावली, त्याला न विचारता त्याच्या आवाजावर अख्खा बँड चढवायचा हे बरोबर नाहीच. कागदोपत्री टेप कंपनीची होती म्हणून कायद्याने चाललं असेल, पण एक फोन करायला काय हरकत होती? विल्सनबद्दल एवढं प्रेम असूनही ही गोष्ट मला खटकते आणि गाणं हिट झालं म्हणून ती खटकायची थांबत नाही.

हिट तर असं झालं की १ जानेवारी १९६६ च्या यादीत ते बिलबोर्ड या अमेरिकन चार्टवर पहिल्या नंबरला. मग बीटल्सचं 'वी कॅन वर्क इट आउट' वर, मग परत हे, मग परत बीटल्स, महिनाभर अशी खेचाखेची. गाणं चार्टवर चढत होतं तेव्हा सायमन डेन्मार्कमधे छोटे कार्यक्रम करत होता. मग तो अमेरिकेला परतला, आणि सायमनने सांगितलेली आठवण अशी की दोघं क्वीन्समधे रस्त्याच्या कडेला गाडीत बसलेले, करायला काही नाही, रेडिओवर निवेदक सांगतो की पहिल्या नंबरवर सायमन अँड गारफंकल, आणि गारफंकल म्हणतो की या दोघांची आत्ता काय चैन चालू असेल. ही आठवण माहीत असेल तर गाण्यातला एकटेपणा वेगळाच ऐकू येतो.

डिस्क दोनचं बाकीचं सांगतो. गाणं वर गेल्यावर कंपनीला अल्बम हवा होता, तोही ताबडतोब, म्हणून साँगबुकमधलीच बरीच गाणी बँडबरोबर भराभर परत केली गेली आणि जानेवारी १९६६ मधे 'साउंड्स ऑफ सायलेन्स' बाहेर आला. तोवर विल्सन कोलंबिया सोडून गेलेला, प्रोड्युसरच्या खुर्चीत बॉब जॉन्स्टन. घाई दिसते, लपत नाही. 'आय ॲम अ रॉक' दणदणीत आहे, 'कॅथीज साँग' ला कुणी बँड जोडला नाही याबद्दल मी देवाचे आभार मानतो, डेव्ही ग्रॅहमची 'अँजी' वाजवून सायमनने आपला हात किती तयार आहे ते दाखवलंय, पण दोन-तीन गाण्यांमधे विल्सनचा फॉर्म्युला उचलून वर चिकटवल्यासारखा वाटतो. आधी थांबून मग बँड आणायची जी अक्कल होती ती त्यात नाही. जोडलेल्या ट्रॅकमधे जॅक्सन सी. फ्रँकचं 'ब्लूज रन द गेम' आहे, त्या एका गाण्यासाठीसुद्धा डिस्क लावावी. विल्सन पुढे फ्रँक झॅप्पाच्या मदर्स आणि व्हेल्व्हेट अंडरग्राउंड या बँडांकडे गेला, आणि १९७८ मधे वयाच्या ४७ व्या वर्षी वारला. या गाण्याचं कौतुक करताना त्याचं नाव घ्यायला आपण विसरू नये एवढंच मला मनापासून वाटतं.

गाण्याचं नंतरचं आयुष्य या संचात नाही, पण त्याशिवाय हे लिहिणं अर्धवट राहील. १९६७ मधे दिग्दर्शक माइक निकल्स 'द ग्रॅज्युएट' सिनेमाचं एडिटिंग करत होता तेव्हा तात्पुरतं म्हणून हे गाणं लावलं होतं आणि नंतर लक्षात आलं की याच्या जागी दुसरं काही बसतच नाही. विमानतळाच्या सरकत्या पट्ट्यावर डस्टिन हॉफमन नुसता उभा, चेहऱ्यावर काही नाही, पट्टा त्याला नेतोय आणि मागे हे गाणं. दोन वर्षं जुनं झालेलं गाणं एका नव्या पिढीचं झालं ते तिथून. २०११ मधे ११ सप्टेंबरच्या हल्ल्याला दहा वर्षं झाली तेव्हा न्यूयॉर्कमधे ग्राउंड झीरोवर सायमनने एकट्याने, गिटारवर, हेच गायलं.

आणि मग डिस्टर्ब्ड हा बँड. २०१५ चा त्यांचा अल्बम 'इमॉर्टलाइज्ड', त्यात हे गाणं. हेवी मेटलवाले, म्हणजे अपेक्षा अशी की गिटारचा कडकडाट असणार, आणि त्यांनी नेमकं उलटं केलं, पियानो, तंतुवाद्यं, टिंपनी, आणि डेव्हिड ड्रेमनचा आवाज खालच्या सप्तकात जवळजवळ पुटपुटल्यासारखा सुरू होऊन शेवटी गर्जनेपर्यंत जातो. मार्च २०१६ मधे कोनन ओब्रायनच्या कार्यक्रमात त्यांनी ते सादर केलं, सायमनने ते बघून ड्रेमनला ईमेलवर कौतुक कळवलं, आणि आज कित्येक तरुण मुलांना हे मूळ त्यांचंच गाणं वाटतं. मला त्यात चूक काही दिसत नाही. ड्रेमनची शेवटची दोन कडवी अंगावर काटा आणतात हे मान्य. फक्त एक तक्रार, त्यात चढत जायचं हे पहिल्यापासूनच कळतं, म्हणजे शिखर कुठे येणार ते तुम्हाला माहीत असतं, आणि विल्सनच्या मिक्समधे दुसऱ्या कडव्याला ड्रम्स येतात तेव्हा जो धक्का बसतो तसा धक्का नाही. पण त्यांनी सायमनचा १९६५ चा लंडनमधला राग परत बाहेर काढला, नकळत का होईना, आणि ते मोठं काम आहे.

संचाच्या दर्जाबद्दल. आवाज स्वच्छ आहे, जुन्या टेपची सळसळ अगदी पुसून काढलेली नाही हे बरं केलंय, नाहीतर पहिल्या डिस्कवरची गिटार निर्जीव झाली असती. दुसऱ्या डिस्कवर एको आणि ड्रम्स वेगवेगळे ऐकू येतात, ठेक्याची ती जागा साध्या हेडफोनवरही पकडता येते. ज्यांना फक्त प्रसिद्ध गाणी हवीत त्यांनी हा बॉक्स घेऊ नये, कुठलाही निवडक गाण्यांचा अल्बम पुरे. ज्यांच्याकडे पाचही अल्बम आधीच आहेत त्यांना इथे नवीन म्हणजे जोडलेले ट्रॅक, आणि ते मोजकेच आहेत. बाकी सगळ्यांनी खुशाल घ्यावा. फक्त साँगबुक यात नाही, तो सायमनचा एकट्याचा अल्बम, त्याची सीडी २००४ मधे वेगळी निघाली, ती जोडीला घ्याच. आणि ऐकताना क्रम असा ठेवा: आधी १९६४ चा टेक, मग लंडनचा एकट्याचा, मग विल्सनचा, आणि डिस्टर्ब्ड सगळ्यात शेवटी.